बदलीचा गडी

दिवाळी अंकातल्या या पानावर काहीतरी गोडधोड लिहावे, असा आमच्या घरातला दरसालचा आग्रह असतो. यंदाही सौभाग्यवतींनी करंज्यांचे सारण ढवळता ढवळता मला तसे बजावले होते. पण वाचकहो, यंदा आमच्या घरात चर्चा झाली ती करंज्यांची नाही. ती झाली नातवाच्या उंचीची.

आमचे गिरीजचे घर जुने. हिरा डोंगरीवरच्या दत्ताच्या देवळातून खाली पाहिले तर माडांच्या झावळ्यांत त्याची कौले शोधावी लागतात. बांधणाऱ्याने दाराची चौकट आपल्या मापाने केली, आणि त्याच्या स्वप्नातही सहा फूट पाच इंचांचा वंशज आला नसावा. त्यामुळे घरात कोण शिरले हे आम्हाला पाहावे लागत नाही. ‘ठक्’ असा आवाज आला की ही आतूनच म्हणते, “आला वाटतं!”

या मुलाने तेराव्या वर्षी परसातल्या माडाला एक लोखंडी कडे ठोकले. जमिनीपासून बरोबर दहा फुटांवर, टेपने मोजून. “माडाला खिळे मारतात का रे, मेल्या!” म्हणून आजीने केलेला उद्धार त्याने ऐकून घेतला, आणि मग मला समजावून सांगितले, की 1891 च्या डिसेंबरात अमेरिकेतल्या स्प्रिंगफील्ड गावी जेम्स नेस्मिथ नावाच्या व्यायामशिक्षकाने फळांच्या दोन टोपल्या सज्जाच्या कठड्याला टांगल्या. तो कठडा दहा फूट उंच होता, म्हणून सगळ्या जगात बास्केटबॉलचे कडे आजही दहा फुटांवरच असते. एका कठड्याच्या उंचीवर कोट्यवधी माणसांच्या उड्या ठरल्या, हे ऐकून मला मोठी गंमत वाटली.

गंमत संपली ती गेल्या उन्हाळ्यात. दहावीचा निकाल लागला, आणि त्याच आठवड्यात एका शिबिरातल्या शिक्षकांनी मुलाला सांगितले, की तू ‘सेंटर’ होशील, परराज्यातल्या अकादमीत ये. मुलगा म्हणाला, “मी जाणार.” माझा मुलगा, म्हणजे त्याचा बाप, म्हणाला, “इंजिनिअरिंग सोडून चेंडू आपटणार?” सूनबाई काहीच बोलल्या नाहीत, म्हणजे त्या रडल्या होत्या. शेवटी नेहमीप्रमाणे प्रकरण निकालासाठी माझ्याकडे आले. पेन्शनर माणसाला घरात दोनच खाती असतात: दूध आणि न्यायदान!

न्याय द्यायचा तर पुरावा वाचायला हवा. मी आठवडाभर या ‘सेंटर’ लोकांची चरित्रे धुंडाळीत बसलो. सेंटर म्हणजे संघातला सर्वांत उंच गडी. कड्याखाली उभे राहायचे, हुकलेला चेंडू वरच्या वर झेलायचा, आणि आपला नेमबाज मोकळा व्हावा म्हणून प्रतिस्पर्ध्याच्या वाटेत भिंतीसारखे उभे राहून त्याची धडक अंगावर घ्यायची. या धडकेचे गुण मिळत नाहीत. टाळ्या चेंडू टाकणाऱ्याला.

आपल्याकडे या खेळाची जुनी पेठ म्हणजे मुंबईतला नागपाडा. तिथल्याच मैदानातून अब्बास मुंतसीर वर आले, भारताचे कप्तान झाले, आणि 1970 साली त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला. त्या पिढीचा हिशेब सोपा होता. खेळ मैदानावर, आणि पोटापाण्याला रेल्वेत, पोलिसांत किंवा बँकेत नोकरी. केवळ खेळाच्या पगारावर जगणाऱ्या सेंटरची गोष्ट हवी, तर मात्र पंजाबकडे वळावे लागते.

सतनाम सिंग हा पंजाबातल्या बल्लो के या लहान गावच्या शेतकऱ्याचा मुलगा. उंची सात फूट दोन इंच. लुधियानाच्या अकादमीत तयार झाला, 2010 साली शिकण्यासाठी अमेरिकेत फ्लोरिडाला गेला, आणि जून 2015 मध्ये डॅलसच्या संघाने त्याची निवड केली. तिथल्या एनबीए या सर्वांत मोठ्या स्पर्धेसाठी असा निवडला गेलेला तो पहिला भारतीय. गावात पेढे वाटले गेले असतील. परंतु त्या स्पर्धेत त्याला एकही सामना खेळायला मिळाला नाही. दोन मोसम धाकट्या स्पर्धेतल्या टेक्सासच्या संघात, तेही बराच वेळ बाकावर. मग भारत, मग कॅनडा. पुढे 2020 मध्ये उत्तेजक द्रव्याच्या प्रकरणात दोन वर्षांची बंदी आली, आणि 2021 मध्ये तो अमेरिकेतल्या व्यावसायिक कुस्तीत दाखल झाला.

दुसरा सिम भुल्लर. पंजाबी आईबापांचा, कॅनडात जन्मलेला, सात फूट पाच इंच! एप्रिल 2015 मध्ये सॅक्रामेंटोच्या संघाने त्याला घेतले ते दहा दिवसांच्या करारावर. होय, दहाच दिवस. असा करार एका मोसमात एकाच संघाला फार तर दोनदा करता येतो. मग ठेवा, नाहीतर सोडा. 7 एप्रिलला तो पहिल्यांदा मैदानात उतरला, आणि भारतीय वंशाचा पहिला एनबीए खेळाडू ठरला. किती वेळ खेळला? सोळा सेकंद! एकूण सामने तीन, तेही मिनिटा-मिनिटाचे. पुढे टोरांटोचा दुय्यम संघ, आणि नंतर तैवान. तिथे मात्र तो वर्षानुवर्षे खेळला, आणि कड्याखाली सगळ्यांना भारी पडला.

‘दहा दिवसांचा करार’ हे शब्द वाचले, आणि चष्मा काढून मी बराच वेळ स्वस्थ बसलो. कारण या जातीचा एक माणूस मी जवळून पाहिला होता. माझे वडील मुंबईच्या एका कापड गिरणीत बदली कामगार होते.

आजच्या मुलांना ‘बदली’ म्हणजे काय ते सांगावे लागते. गिरणीत कायमचा कामगार रजेवर असला, आजारी पडला, तर त्याच्या जागी त्या दिवसापुरता जो उभा राहायचा, तो बदली. रोज पहाटे वसईहून गाडी पकडायची, दाराशी हजर व्हायचे, आणि जॉबर कोणाकडे बोट करतो याची वाट पाहायची. बोट झाले तर दिवसाची मजुरी. नाही झाले, तर परतीची गाडी.

दहा वर्षांचा असताना मी एकदा मामाबरोबर मुंबईला गेलो होतो. सकाळचे साडेनऊ-दहा झाले असतील. लोअर परळच्या फलाटावर एका बाकावर वडील एकटेच डबा खात बसलेले मला दिसले. तांदळाची भाकरी आणि सुकटीची चटणी. मला पाहून ते दचकले, मग हसले, आणि अर्धी भाकरी माझ्या हातावर ठेवून म्हणाले, “आईला सांगू नकोस हां.” पुढे ते संध्याकाळपर्यंत कुठे फिरले, ते मला ठाऊक नाही. नेहमीच्या गाडीने, डबा नळावर धुऊन, ते घरी आले. मीही शब्द पाळला.

वडील गेल्यानंतर कितीतरी वर्षांनी मी ही हकीकत आईला सांगितली. तिला काहीच नवल वाटले नाही. ती म्हणाली, “मला कळायचं रे. काम झालेलं असलं की त्यांच्या डोक्यात कापूस असायचा. मी तो वेचून काढायची. ज्या दिवशी केस काळेभोर दिसत, त्या दिवशी मी काही विचारत नसे.”

म्हणजे दोघांनीही एकमेकांना सांभाळण्यासाठी सारी उमेद गप्प राहण्यात घालवली! दोघांच्याही वाट्याला ते ओझे पुरते आले. अर्धे कोणाचेच झाले नाही.

तर न्यायदान असे झाले. मुलाला म्हणालो, “तुझा बाप म्हणतो ते बरोबर आहे, आपल्याकडे व्यावसायिक स्पर्धा निघतात, मोडतात, पुन्हा निघतात. तेव्हा बारावी तिथल्या शाळेतून पुरी करायची, ही पहिली अट. तू कदाचित सतनाम होशील, कदाचित सिम होशील, आणि बहुधा दोन्ही न होता कुठेतरी बाकावर बसशील. बाकावर बसणं हा गुन्हा नाही. तुझे पणजोबा त्यात मुरलेले होते, आणि त्याच मजुरीवर मी शिकलो.”

“आणि दुसरी अट, आजोबा?”

“ज्या दिवशी जॉबरचं बोट तुझ्याकडे वळणार नाही, त्या दिवशी रात्री घरी फोन करायचा. ‘आज खेळलो नाही’ एवढंच सांगायचं. डबा स्टेशनवर खायचा नाही.”

त्याला हे नीट कळले नाही. त्याच्या बापाला कळले. तो उठून परसात गेला आणि उगीचच माडावरचे ते कडे हलवून पाहत राहिला.

जुलैत पोरगा गेला. आतापर्यंत सतरा फोन आले. त्यांतले अकरा ‘आज खेळलो नाही’चे. फोन आला की त्याचा बाप स्वतः उचलतो, आणि त्याची समजूत घालता घालता आपण इंजिनिअरिंगला दोनदा नापास झालो होतो, हे त्याला सांगून टाकतो. ही गोष्ट मलाही नवीनच होती!

परवा धनत्रयोदशीला तो येतो आहे. हिने दाराच्या चौकटीला जुनी गोधडी गुंडाळून ठेवली आहे. पण मी ती हळूच काढणार आहे. ‘ठक्’ ऐकल्याशिवाय आमची दिवाळी सुरू व्हायची नाही.