अंतर कोणी, कोणापासून

सोवळे म्हणजे पूर्वजांचे विलगीकरणच होते आणि जगाला २०२० साली जे शिकावे लागले ते आपल्या माजघरांना पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक होते, अशा आशयाचा संदेश या आठवड्यात रायगडाखालच्या वाड्यांमधील मोबाइलवर पुन्हा फिरू लागला आहे. कोरोनाच्या टाळेबंदीच्या काळात या स्तंभातून त्याचा समाचार घेऊन झाला होता. परंतु विषाणूला मुदत असते, तशी अशा युक्तिवादांना नसावी. गडाच्या पायथ्याच्या हिरकणीवाडीपासून महाडचे चवदार तळे सुमारे पंचवीस किलोमीटरवर असताना हा दावा येथील लोकांनी एकमेकांना कौतुकाने धाडावा, हे त्यातले विशेष.

सोवळे म्हणजे परस्पर्शाने भंगणारी विधीपुरती शुद्धता आणि विलगीकरण म्हणजे संसर्गाची शक्यता असलेल्या माणसाला ठरावीक दिवस वेगळे ठेवणे. दोन्हींत माणूस माणसापासून दूर उभा राहतो, इतकेच साम्य आहे. फरक दाखवायला चवदार तळ्याचा इतिहास पुरेसा आहे. मुंबई विधिमंडळाने १९२३ साली सदस्य बोले यांचा ठराव संमत करून सार्वजनिक पाणवठे अस्पृश्य मानलेल्यांना खुले केले, महाड नगरपालिकेने पुढच्याच वर्षी तळे खुले असल्याचे जाहीर केले, आणि तरीही २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांना हजारोंसह तेथे जाऊन ओंजळभर पाणी प्यावे लागले. त्यानंतर सनातन्यांनी तळे ‘शुद्ध’ केले ते दूध, दही, शेण आणि गोमूत्र यांच्या १०८ घागरी ओतून. पूर्वजांच्या आरोग्यशास्त्राचे गोडवे गाणाऱ्यांनी पिण्याच्या पाण्यात शेण कालवण्यामागचे जंतुशास्त्र एकदा सविस्तर मांडावे. गुरेढोरे त्या तळ्यावर पाणी पीत होती, त्यांना कोणी अडवत नव्हते. तेव्हा भीती रोगाची नव्हती, हे सांगायला सूक्ष्मदर्शक लागत नाही. तळे खाजगी असल्याचा आणि मनाईची वहिवाट अनादी असल्याचा दावा न्यायालयात गेला आणि १९३७ साली मुंबई उच्च न्यायालयात तो टिकला नाही. अनादी म्हणून मिरवणारी वहिवाट पुराव्याच्या वेळी तशी सिद्ध करता आली नाही, ही गोष्ट संदेश पुढे पाठवणाऱ्यांनी लक्षात घेण्याजोगी आहे.

आता त्याच महाड तालुक्यातले २०२० साल पाहावे. चाकरमानी, म्हणजे पोटासाठी मुंबईत राहणारा आणि गणपती-शिमग्याला गावी परतणारा कोकणी माणूस, वेशीवरच थांबवला गेला आणि जिल्हा परिषदेच्या शाळेत चौदा दिवस ठेवला गेला; त्या वर्षीच्या गणेशोत्सवासाठी शासनाने ही मुदत दहा दिवसांवर आणली. त्या अंतराला कारण होते आणि शेवट होता, मुखपट्टी येणाऱ्यानेही बांधायची होती आणि गाववाल्यानेही. पंधराव्या दिवशी तोच माणूस आपल्या ओटीवर बसून चहा पिऊ शकत होता. तळ्यापासून दूर ठेवलेल्या माणसाचा पंधरावा दिवस पिढ्यान्‌पिढ्या उजाडलाच नाही.

या फरकावर पडदा पडायला शासकीय मराठीनेही हातभार लावला. इंग्रजीतल्या शब्दाला शब्द ठेवून ‘सामाजिक अंतर’ अशी घोषणा भिंतीभिंतींवर रंगवली गेली. जिथे सामाजिक अंतराचा अर्थ लोकांनी पिढ्यान्‌पिढ्या अंगावर सोसला, तिथेही ती तशीच आली. जागतिक आरोग्य संघटनेने शारीरिक अंतर असा शब्द वापरायला हवा असे सांगितले ते २० मार्च २०२० रोजी, म्हणजे महाडच्या सत्याग्रहाला नेमकी ९३ वर्षे होत होती त्या दिवशी. संघटनेच्या जिनिव्हातील मुख्यालयात हा योग कोणाला ठाऊक असण्याचे कारण नाही; मंत्रालयातल्या भाषांतरकाराला असायला मात्र हरकत नव्हती.

पण शासनाचा शब्द चुकला म्हणून गावकीला, म्हणजे गावाचे निर्णय घेणाऱ्या पारंपरिक बैठकीला, निर्दोष ठरवता येत नाही. तिची बाजू मात्र आधी पाहावी. पाश्चात्त्य नीतिचर्चा व्यक्तीच्या स्वायत्ततेपासून, म्हणजे स्वतःच्या देहाविषयी स्वतः ठरवण्याच्या हक्कापासून सुरू होते आणि तिकडे मुखपट्टीवरून मोर्चे निघाले ते त्यामुळेच. कोकणात प्रश्न हक्काचा नव्हता, तो नात्याचा होता. माणूस गावचा असल्यामुळेच त्याला घरी येता येत होते आणि गावचा असल्यामुळेच त्याने शाळेत राहावे असे त्याला सांगता येत होते. या मूल्याने पुष्कळ गावे सावरली, असे या स्तंभाचे मत आहे. परंतु देवळाच्या जीर्णोद्धाराच्या वर्गणीसाठी ज्याच्या चाळीतल्या खोलीचे उंबरे झिजवले, त्याच्यापुढे शाळेच्या व्हरांड्यात जेव्हा वेगळी पत्रावळ सरकवली गेली आणि मुदत संपल्यावरही त्याला पंगतीत घेताना काही माना वळल्या, तेव्हा विलगीकरणाच्या वेशात सोवळेच परत आले होते. ते ओळखण्याची खूण एकच: कारण संपल्यावरही अंतर उरते का.

नियम आणि माणूस दोन्ही कसे सांभाळावे हे सांगणारी, हिरकणीवाडीला जिचे नाव आहे त्या गवळणीची आख्यायिका येथे सर्वांना पाठ आहे. सूर्यास्ताला रायगडाचे दरवाजे बंद झाले, पहारेकऱ्याने नियम मोडला नाही, घरी तान्हे मूल होते आणि हिरकणी कडा उतरून गेली. प्रवचनकार आईच्या मायेवर थांबतात, पण आख्यायिकेचा उत्तरार्ध नीतिदृष्ट्या अधिक मोलाचा आहे. शिवाजी महाराजांनी त्या जागी बुरूज बांधून गडाची उणीव बुजवली, म्हणजे नियम अधिक कडक केला, आणि ज्या बाईने तो नियम मोडला तिचेच नाव त्या बुरुजाला दिले. टाळेबंदीत घराच्या ओढीने निघालेल्या कित्येकांवर भारतीय दंडविधानाच्या कलम १८८ खाली, म्हणजे सरकारी आदेश मोडल्याबद्दल, गुन्हे नोंदले गेले. हिरकणीवर खटला भरल्याचे मात्र कोणतीही आख्यायिका सांगत नाही.