भाडं मागणारी मिसेस डिसा

वऱ्हाडात, मग ते पिंपळगाव राजा असो की खामगाव, ओट्यावर बसून एखाद्या खाष्ट सासूचं वर्णन करायचं तर दोन शब्द पुरतात : 'ललिता पवार'. 1987 साली रविवारी सकाळी 'रामायण' लागायचं. टीव्ही असलेल्या घरात अख्खी गल्ली जमायची आणि मंथरा दिसली की म्हाताऱ्या कडाकडा बोटं मोडायच्या. पडद्यावरची ती मंथरा, म्हणजे ललिता पवार, तेव्हा स्वतःच सत्तरीची होती.

येवल्याच्या अंबा सगुणची, म्हणजे याच ललिताबाईंची, सुरुवात मात्र नायिका म्हणून झाली, तीही मूकपटांच्या काळात. 1932च्या 'कैलाश'च्या निर्मितीतही त्यांचा हात होता. मग 1942 साली, एका चित्रीकरणात भगवानदादांची थप्पड वर्मी बसली. चेहऱ्याला लकवा झाला, उपचारांत वर्षं गेली आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला. वय अवघं सव्वीस.

नायिकेचं दार बंद झालं. 1944च्या 'रामशास्त्री'त त्या 'ध'चा 'मा' करणाऱ्या आनंदीबाई झाल्या.

पण बारीक डोळ्याची ही गोष्ट इतक्यांदा सांगितली गेली, की त्यामागची नटी झाकून गेली. 1955चंच बघा. 'मिस्टर अँड मिसेस 55'मध्ये त्या मधुबालाची तोऱ्यातली श्रीमंत आत्या, तर 'श्री 420'मध्ये फुटपाथवर केळी विकणारी मायाळू बाई. चेहरा तोच, डोळाही तोच!

त्यांचं सगळ्यात अस्सल काम मात्र 'अनाडी'तलं (1959). भाड्यासाठी राज कपूरच्या नावानं ठणाणा करणारी आणि त्याच्याच ताटात हळूच वाढणारी घरमालकीण, मिसेस डिसा. राज कपूरपेक्षा त्या जेमतेम आठ वर्षांनी मोठ्या, तरी आईपण कुठे खोटं वाटत नाही. भेसळीच्या औषधानं ती बाई मरते आणि सिनेमाचा सूरच बदलतो. दुष्ट सासूच्या भूमिका कुणीही बऱ्या करील. रागाच्या आवाजातच माया ऐकवणं अवघड. त्या कामासाठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्रीचा 'फिल्मफेअर' मिळाला, 1961 साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही आला. घराघरातली सासू मात्र 'ललिता पवार'च राहिली.

'अनाडी'चे दिग्दर्शक हृषीकेश मुखर्जी ती घरमालकीण विसरले नसावेत. 1971च्या 'आनंद'मध्ये त्यांनी ललिताबाईंना इस्पितळाची कडक मेट्रन केलं, आणि तिचं आडनाव ठेवलं डिसा.