जमावानं मारलं म्हणजे कुणीच मारलं नाही का?



22 फेब्रुवारी 2018. केरळात अट्टप्पाडीला तांदूळ चोरल्याचा आळ घेऊन लोकांनी आपल्या एका आदिवासी भावाला जंगलातून धरून आणलं. हात बांधून मारलं, वर मोबाईलवर फोटो काढले. पोलिसांच्या गाडीत तो मेला.

एप्रिल 2023 मध्ये कोर्टानं 16 पैकी 14 जणांना दोषी धरलं. पण खून नाही म्हणे! कलम 304 भाग 2. म्हणजे मरेल हे माहीत होतं, पण मारायचा हेतू नव्हता. तेरा जणांना सात-सात वर्षं. मधे कितीतरी साक्षीदार फुटले.

आपण जमिनीसाठी पाच जण जमलो की 149 लावतात, आताचं 190. बेकायदा जमाव! एकानं केलं ते सगळ्यांनी केलं. मग आदिवासी मेला की जमावाचा हेतू कुठं जातो?

आता घरचंही बोलू. डाकीण म्हणून बाईला मारतात, तेव्हा काठी मारणारा गुन्हेगार आणि धरून ठेवणाराही गुन्हेगार. ‘गावानं ठरवलं’ म्हणून कुणी सुटत नाही, सुटूही नये.

आपला माणूस मारला गेला तर फिर्यादीत कुणी काय केलं ते नावानिशी लिहून घ्या. अ‍ॅट्रॉसिटीचं कलम लावायला सांगा. फिर्यादीची नक्कल फुकट मिळते, ती घेतल्याशिवाय ठाण्यातून उठू नका. आणि साक्षीदाराला एकटं सोडू नका. कोर्टात त्याच्यासोबत अख्खा पाडा गेला पाहिजे.