पॅड चालेना? फॉरमॅट मारू नका, आधी क्रम लावा



नागाव, काशीद, दिवेआगर या पट्ट्यात होमस्टे किंवा छोटा कॅफे काढणाऱ्यांना मी एकच सांगतो, पावसाळ्याचा विचार आधी करा. समुद्र खवळला की पाण्यातले खेळ बंद आणि गेटवे-मांडवा लाँचही बंद. आलेला पाहुणा खोलीत बसून कंटाळतो. म्हणून विंडोज कॉम्प्युटर, टीव्ही आणि गेमपॅड असा एक कोपरा करायची कल्पना चांगलीच आहे.

पण शनिवारी संध्याकाळी ग्रुप खेळायला बसला आणि पॅडच चालेना, मग? बरेच जण घाबरून थेट विंडोज फॉरमॅट करायला घेतात. माझं स्पष्ट मत आहे, ही पळवाट आहे. संध्याकाळ जाते आणि चूक कळतच नाही.

मुळात होतं काय? बऱ्याच नव्या गेम एक्सबॉक्सच्या पद्धतीचा, म्हणजे एक्सइनपुटचा पॅड ओळखतात. स्वस्तातला जुना यूएसबी पॅड किंवा प्लेस्टेशनचा पॅड ती भाषा बोलत नाही. म्हणून एक्स३६०सीई किंवा डीएस४विंडोज हा दुभाष्या मध्ये बसवायचा. तो तुमच्या पॅडचं ऐकतो आणि गेमपुढे एक आभासी एक्सबॉक्स पॅड उभा करतो.

आता तपासायचा क्रम बघा.

पहिलं, विंडोज आणि आर ही बटणं एकत्र दाबा आणि ‘जे ओ वाय डॉट सी पी एल’ टाइप करा. यादीत पॅड नसेल तर दोष सॉफ्टवेअरच्या आधीचा आहे. केबल आणि पोर्ट बदलून बघा. आपल्या खाऱ्या हवेत पोर्ट गंजतात, हे विसरू नका.

दुसरं, पॅड दिसतोय पण आभासी पॅड तयार होत नाही? मग व्हिजेमबस हा ड्रायव्हर आहे का बघा. त्याचं काम निर्मात्यांनी २०२३ मध्ये थांबवलंय, पण ही सॉफ्टवेअर्स त्यावर चालतात. तो मूळ निर्मात्यांच्या गिटहब पानावरूनच घ्या आणि फाइल पेन ड्राइव्हवर जपून ठेवा.

तिसरं, शेवटी ‘७बी’ असलेला एरर आला तर बहुधा ३२ आणि ६४ बिटची सरमिसळ झालेली असते. एक्स३६०सीईची जुनी आवृत्ती गेमच्याच बिटची लागते.

चौथं, बटण एकदा दाबलं आणि दोनदा लागलं, तर गेमला खरा आणि आभासी असे दोन्ही पॅड दिसताहेत. हिडहाइड वापरून खरा पॅड लपवा.

आणि एक गोष्ट अजिबात करू नका. कोणी सांगितलं म्हणून अँटिव्हायरस बंद करून कुठलीही फाइल चढवू नका. त्याच कॉम्प्युटरवर तुमचं बुकिंग आणि बँकेचं काम असतं ना?

शेवटचं मत. घरी जुगाड ठीक आहे, पण धंद्यात निदान दोन पॅड थेट एक्सइनपुटवर चालणारे घ्या. गिऱ्हाईक तुमच्या हुशारीचे नाही, खेळायला मिळालेल्या तासाचे पैसे देतं.

पाहुणा शनिवारी येतो. तुमची चाचणी शुक्रवारीच झालेली असू द्या!