पहिली निवड, पण कोणाची?

२०२० च्या जानेवारीत पोर्टलंड थॉर्न्स या अमेरिकी महिला फुटबॉल क्लबाने एक सौदा केला. सहाच महिन्यांपूर्वी विश्वचषक जिंकून आलेली बचावपटू एमिली सॉनेट त्यांनी ऑरलँडो क्लबाला देऊन टाकली, वर ड्राफ्टमधल्या, म्हणजे क्लब पाळीपाळीने महाविद्यालयीन खेळाडू निवडून घेतात त्या प्रक्रियेतल्या, काही निवडीही दिल्या. बदल्यात मिळाला तो त्या ड्राफ्टमध्ये पहिलं नाव पुकारण्याचा हक्क. गंमत अशी, की चार वर्षांपूर्वी याच क्लबाने याच ड्राफ्टमध्ये पहिलं नाव पुकारलं होतं, ते सॉनेटचंच. आता नाव आलं सोफिया स्मिथचं. वय १९. विशीच्या आतली मुलगी पहिल्या क्रमांकावर निवडली जाण्याची या महिला लीगमधली ती पहिलीच वेळ होती.

स्मिथ कोलोरॅडो राज्यातल्या विंडसर या छोट्या गावची. स्टॅनफर्ड विद्यापीठात ती दोनच हंगाम खेळली आणि पहिला हंगाम दुखापतीने अर्धवट राहिला. २०१९ चा हंगाम मात्र तिचा ठरला. राष्ट्रीय महाविद्यालयीन स्पर्धेच्या उपांत्य सामन्यात तिने यूसीएलए विद्यापीठाविरुद्ध तीन गोल केले आणि स्टॅनफर्डने अंतिम फेरीत नॉर्थ कॅरोलायनाला पेनल्टी शूटआउटमध्ये हरवलं. तरीही त्या वर्षी स्टॅनफर्डची सर्वाधिक गोल करणारी खेळाडू ती नव्हती. शेजारी खेळणाऱ्या कॅटारिना मकारिओने ३२ गोल केले होते. एकाच महाविद्यालयाच्या आघाडीत अशा दोघी एकावेळी असाव्यात, यात नशिबाचा वाटा थोडा आहे. उरलेलं काम एका कायद्याचं.

१९७२ चा ‘टायटल नाइन’ हा तो कायदा. सरकारी पैसा घेणाऱ्या शिक्षणसंस्थेला लिंगावरून भेदभाव करता येणार नाही, एवढंच तो म्हणतो. त्याच्या मूळ कलमात खेळाचा उल्लेखही नाही. पण त्याचा परिणाम मैदानावर कसा झाला, हे समजून घ्यायचं तर हेल्मेट घालून खेळल्या जाणाऱ्या अमेरिकन फुटबॉलकडे बघावं लागतं. वरच्या श्रेणीतल्या महाविद्यालयात त्या एका खेळासाठी ८५ मुलांना शिष्यवृत्त्या देता येत. मुलींच्या बाजूला तितकी माणसं लागणारा खेळच नाही. मग तोल सांभाळायला मुलींच्या इतर संघांचा वाटा वाढवावा लागला. त्यामुळे अनेक वर्षं मुलांच्या सॉकर (म्हणजे आपल्या फुटबॉलच्या) संघाला ९.९ शिष्यवृत्त्यांची मर्यादा होती, तर मुलींच्या संघाला १४ ची. कायदा आला तेव्हा शाळांतून सॉकर खेळणाऱ्या मुली जेमतेम काही शे होत्या. स्मिथ शाळा सोडून बाहेर पडली तोवर तो आकडा पावणेचार लाखांच्या वर गेला होता. बाजाराने हे केलं नाही. तिची व्यावसायिक लीगच सुरू झाली ती २०१३ मध्ये, आणि त्याआधीच्या दोन लीग बंद पडल्या होत्या.

स्मिथची पुढची चढण सरळ नव्हती. ती लीगमध्ये आली त्याच वर्षी करोनाने हंगाम गुंडाळला. २०२२ मध्ये तिने १४ गोल केले आणि बाविसाव्या वर्षी लीगची सर्वोत्तम खेळाडू ठरली, हा मान मिळवणारी सर्वांत तरुण. २९ ऑक्टोबरच्या अंतिम सामन्यात चौथ्याच मिनिटाला गोलरक्षकाला चकवून तिने चेंडू जाळ्यात सारला. पण त्याच महिन्यात, सामन्याच्या काही आठवडे आधी, लीगमधल्या लैंगिक छळाचा चौकशी अहवाल बाहेर आला होता. त्यात पोर्टलंड क्लबावर गंभीर ठपका होता आणि मालकाला मुख्य कार्यकारी पद सोडावं लागलं. म्हणजे तिच्या आयुष्यातलं सर्वांत चमकदार वर्ष आणि तिच्या क्लबाच्या इतिहासातलं सर्वांत लाजिरवाणं वर्ष एकच होतं. यशोगाथा लिहिणारे हा भाग सहसा गाळतात. तो गाळता कामा नये. आपण कुठे खेळायचं हे ठरवण्याचा अधिकार खेळाडूला का हवा, याचं उत्तर त्यातच आहे.

६ ऑगस्ट २०२३ ला विश्वचषकात स्वीडनविरुद्ध शूटआउटमध्ये तिच्या फटक्यावर अमेरिका सामना जिंकली असती. फटका बाहेर गेला, अमेरिका स्पर्धेबाहेर. बरोबर एक वर्षाने, ६ ऑगस्ट २०२४ ला, ऑलिंपिक उपांत्य सामन्यात जादा वेळेत जर्मनीविरुद्ध एकमेव गोल तिने केला आणि संघ पुढे सुवर्णपदक घेऊन परतला.

त्याच ऑगस्टमध्ये लीग आणि खेळाडू संघटनेने नवा करार जाहीर केला: ड्राफ्ट बंद. यापुढे महाविद्यालयातून येणारी मुलगी कोणत्याही क्लबाशी स्वतः बोलणी करणार, आणि तिच्या संमतीशिवाय तिची दुसऱ्या क्लबाशी अदलाबदलही होणार नाही. अमेरिकेतल्या कोणत्याही मोठ्या व्यावसायिक लीगने हे आधी केलेलं नव्हतं. ड्राफ्टमुळे दुबळ्या संघांना चांगले खेळाडू मिळतात, असा बचाव वर्षानुवर्षं केला गेला. पण २०२० मध्ये पहिली निवड दुबळ्या ऑरलँडोने वापरली नाही, ती बलाढ्य पोर्टलंडच्या हाती पडली. तेव्हा हा निर्णय योग्यच, फार तर उशिरा आलेला.

काळजी वेगळीच आहे. आता क्लब शाळकरी मुलींनाच करारबद्ध करू लागले आहेत आणि महाविद्यालय म्हणजे वेळेचा अपव्यय, असा सूर ऐकू येतो. स्मिथने दोन वर्षांत वर्ग सोडला, मकारिओ शेवटचं वर्ष न खेळता फ्रान्सच्या ल्यों क्लबात गेली. दोघींना ते परवडलं. पण २०२० मध्ये लीगचं किमान वार्षिक वेतन २०,००० डॉलर होतं. त्या पैशांत पदवीशिवाय राहिलेल्या, गुडघा गेलेल्या बचावपटूचं काय झालं असतं? नव्या करारात हा आकडा २०३० पर्यंत ८२,५०० डॉलरवर जाणार आहे, तरी कारकीर्द छोटी ती छोटीच.

भारताला अमेरिकेच्या या शिडीची उंची २०२२ च्या त्याच ऑक्टोबरमध्ये दिसली. सतरा वर्षांखालील विश्वचषकात भुवनेश्वरला अमेरिकेच्या मुलींनी यजमान भारताला ८-० ने हरवलं. अंतिम सामना नवी मुंबईत झाला. स्टेडियम आपल्याकडे आहेत. महाराष्ट्रात खेळाडूंना दहावी-बारावीला सवलतीचे गुण मिळतात, सरकारी नोकरीत पाच टक्के आरक्षण आहे. पण ही सगळी खेळून झाल्यावरची बक्षिसं. अठरा ते बावीस या वयात मुलीला रोजचा सराव, प्रशिक्षक, फिजिओ आणि पदवी एकत्र देणारं महाविद्यालय शोधायला निघालं, तर हाताची बोटंही जास्त होतील.

अमेरिकेतही महाविद्यालयीन खेळाची ही व्यवस्था कायमची नाही. २०२५ मध्ये न्यायालयाने मंजूर केलेल्या समझोत्यानुसार विद्यापीठांना खेळाडूंना थेट पैसे देता येऊ लागले, पहिल्या वर्षी प्रत्येक विद्यापीठाला मिळून सुमारे दोन कोटी डॉलरपर्यंत. आधीच्या खेळाडूंना द्यायच्या जुन्या थकबाकीचा बहुतांश वाटा मात्र अमेरिकन फुटबॉल आणि पुरुषांच्या बास्केटबॉलकडे वळवलेला. मंजुरीनंतर आठवडाभरात आठ महिला खेळाडूंनी या वाटपाविरुद्ध अपील केलं. त्यात सॉकरपटूही आहेत, आणि आधार घेतला आहे तो त्याच १९७२ च्या कायद्याचा.