नटाच्या हातातली पेटी

रंगभूमीवरील एखाद्या नटाच्या कारकिर्दीचा आढावा घेताना आपले समीक्षक त्याच्या भूमिकांची जंत्री देतात, त्याच्या वाणीची आणि मुद्राभिनयाची तपशीलवार वाखाणणी करतात, आणि लेख संपत आला म्हणजे तो पेटी सुरेख वाजवीत असे, तबल्यावरही त्याचा हात बसलेला होता, एवढे एक वाक्य लिहून त्या विषयातून मोकळे होतात. या वाक्याची जागा चुकलेली आहे, असे माझे बऱ्याच वर्षांचे मत आहे. वाद्य जाणणारा नट हा एक जादा गुण अंगी असलेला नट नव्हे. त्याचा अभिनयच मुळात निराळ्या घडणीचा असतो, आणि ती घडण ध्यानी घेतल्यावाचून त्याच्या कारकिर्दीचा हिशेब पुरा होत नाही.

मी कात्रजला राहतो. अठराव्या शतकाच्या मध्यास, नानासाहेब पेशव्यांच्या अमदानीत, येथील तलावाचे पाणी भुयारी नळाने शहरातल्या वाड्यांच्या हौदांपर्यंत नेण्याची तजवीज झाली आणि त्या नळाच्या वाटेवर हवा खेळती राहावी म्हणून जागोजाग उच्छ्वास बांधण्यात आले. हौदावर घागर भरणारास कात्रजची आठवण होण्याचे काही कारण नव्हते; उच्छ्वासापाशी उभा राहणारासच काय तो खाली वाहत्या पाण्याचा सुगावा लागत असेल. वाद्य जाणणाऱ्या नटाच्या अभिनयाखालून लय आणि स्वर हे असेच झाकलेले वाहत असतात, आणि प्रत्यक्ष वादनाचा प्रसंग नाटकात आलाच तर तो त्या प्रवाहाचा एखादा उच्छ्वास समजावा.

गोविंद सदाशिव टेंबे यांचे उदाहरण या बाबतीत मला सर्वांत बोलके वाटते. १८८१ साली कोल्हापूरजवळच्या सांगवडे गावी जन्मलेल्या या माणसाने पेटीची विद्या कोणापाशी रीतसर गंडा बांधून घेतली नाही. कोल्हापूरच्या देवल क्लबातील बैठका, भास्करबुवा बखल्यांचा सहवास आणि अल्लादिया खाँसाहेबांचे गाणे कानांत साठवण्याचा ध्यास, एवढ्या भांडवलावर त्यांनी हार्मोनियमवर असे प्रभुत्व मिळविले की साथीचे म्हणून गौण लेखले गेलेले ते वाद्य त्यांच्या हाती स्वतंत्र मैफलीच्या योग्यतेस पोहोचले. पुढे ते संगीतकार झाले, नट झाले, नाटक मंडळीचे भागीदार आणि मालक झाले, नाटककार झाले, बोलपटाचे नायक झाले, आणि आपल्या संगीतजीवनाची कहाणी सांगणारा ‘माझा संगीत व्यासंग’ हा ग्रंथ त्यांनी १९३९ साली प्रसिद्ध केला. या सर्व पदव्यांच्या मुळाशी पेटीवाल्याचा कान आहे, हे माझे प्रतिपादन.

पेटीवाल्याचा कान म्हणजे काय, हे संगीत नाटकाचा प्रयोग पहिल्या रांगेतून पाहिलेल्या प्रेक्षकास सांगावयास नको. पायपेटीवर किंवा ऑर्गनवर बसलेल्या साथीदाराची दृष्टी पट्ट्यांवर नसते, ती नटाच्या ओठांवर खिळलेली असते. गद्य भाषण शेवटच्या वाक्यावर येताच नटाच्या पट्टीतला सूर त्याला अलगद द्यावयाचा, आणि ती पट्टी काळी एक असेल तर ती काळी एकच, तेथे मुर्वत नाही. पद सुरू झाले की नटाच्या मागून चालावयाचे, परंतु मागे राहिल्याचे कोणास कळू द्यावयाचे नाही. तान घेऊन समेवर येताना त्याचा श्वास अपुरा पडला तर ती रिकामी जागा आपल्या स्वरांनी अशी भरावयाची की प्रेक्षकांना ती हरकतच वाटावी. वन्समोअर पडला तर नटाला दम घेण्याइतका अवसर मिळेतो मुखडा घोळवीत राहावयाचे. एखादा नट ओळ विसरला आणि साथीदाराने तीच ओळ स्वरांत म्हणून दाखवून त्याला वाटेवर आणले, असेही घडते. दुसऱ्याच्या श्वासाचा अंदाज घेत घेत आपले काम करावयाचे, ही विद्या ज्याच्या अंगी मुरली, तो उद्या स्वतः तोंडाला रंग लावून उभा राहिला तर समोरच्या पात्राचे भाषण चालू असताना आपली पाळी येण्याची वाट पाहत ताटकळणार नाही. तो ऐकत राहील, आणि ऐकणे हा अभिनयाचा अर्ध्याहून अधिक भाग आहे.

१९११ साली किर्लोस्कर नाटक मंडळीने खाडिलकरांचे ‘मानापमान’ रंगभूमीवर आणले आणि त्याच्या चाली टेंब्यांनी दिल्या. अण्णासाहेब किर्लोस्करांच्या काळापासून साकी, दिंडी, कामदा, अंजनीगीत यांच्या वळणावर वाढलेल्या प्रेक्षकांच्या कानांवर या नाटकाने पूरब अंगाच्या ठुमरी-दादऱ्याचा साज एकाएकी चढविला, आणि त्या नवलाईने महाराष्ट्र कसा मोहून गेला हे सर्वश्रुत आहे. माझे म्हणणे एवढेच की हा साज पेटीवाल्यालाच सुचावा असा आहे. पेटीला मींड नाही. एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाण्याचे सुख त्या वाद्याच्या नशिबी नाही, आणि म्हणून कुशल वादक ती उणीव कणस्वरांनी, खटक्यांनी, मुरक्यांनी आणि नेमक्या जागी घेतलेल्या विरामाने भरून काढतो. ‘मानापमाना’तील पदांचे मुखडे ऐका, त्यांतली ठसकेबाज, तुटक, नाचरी ऐट मला बोटांतून निघालेली वाटते. गळ्याने बांधलेल्या चालीचा डौल निराळा असतो. हे मत शास्त्रार्थ म्हणून मांडण्याचा माझा अधिकार नाही, परंतु कान तसा कौल देतो खरा.

१९१३ साली बालगंधर्व आणि गणपतराव बोडस यांच्या जोडीने टेंबे गंधर्व नाटक मंडळीचे भागीदार झाले आणि त्या मंडळीत गायक नट म्हणूनही उभे राहिले. नट या नात्याने त्यांनी बोडसांची पायरी गाठली, असे म्हणणे भिडेचे होईल, आणि त्यांचा गळाही बालगंधर्वांच्या गळ्यापुढे उभा करण्यासारखा नव्हता; थोड्याच वर्षांत ते त्या मंडळीतून बाहेर पडले आणि ‘शिवराज’ ही स्वतःची नाटक मंडळी काढून बसले. येथे त्यांच्या टीकाकारांनी निकाल दिला तो हा, की मोठा वादक मध्यम नट झाला. मला हा निकाल एकतर्फी वाटतो. १९३२ साली प्रभातच्या ‘अयोध्येचा राजा’ या पहिल्या मराठी बोलपटात त्यांनी हरिश्चंद्र उभा केला आणि संगीतही स्वतःच दिले. पार्श्वगायनाची सोय आपल्याकडे अद्याप यावयाची होती, म्हणजे गाणे व्हायचे ते चित्रणाबरोबरच, तेथल्या तेथे, नटाच्या स्वतःच्या गळ्यातून. आपणच बांधलेली चाल, ती वाजविणारे हात दुसऱ्यांचे, आणि आपले हात राजाच्या भूमिकेत रिकामे: आयुष्यभर पेटीवर बसलेल्या माणसाला ही अवस्था किती अवघड गेली असेल! तरीही तो हरिश्चंद्र संयमाने बोलतो, आणि दुर्गाबाई खोट्यांच्या तारामतीला बोलण्यास पुरेसे अंतर देतो. साथीदाराची सवय ती हीच.

या वाद्याच्या वाट्याला पुढे एक विलक्षण अपमान आला. १९४० साली आकाशवाणीने हार्मोनियमला आपल्या केंद्रांतून हद्दपार केले, आणि हा हुकूम १९७१ पर्यंत अमलात राहिला. त्याची ढिलाई सुरू होण्यापूर्वीच, १९५५ साली, टेंबे निवर्तले होते. हार्मोनियम श्रुतींना न्याय देत नाही, हा आक्षेप खोटा नव्हता, परंतु ज्या वाद्याच्या आधारावर दोन पिढ्यांचे मराठी नट सुरात उभे राहिले त्याला दफ्तरी शाईने बरतर्फ करणाऱ्यांनी नाटकाचा एखादा प्रयोग पुढच्या रांगेत बसून पाहिला होता की नाही, याची मला शंका आहे.

वसंतराव देशपांडे यांची गोष्ट निराळी. पुण्यात लष्कराच्या हिशेबखात्यात वर्षानुवर्षे कारकुनी करीत, फायलींच्या जमाखर्चातून वेळ काढून ज्यांनी गाणे जोपासले, त्यांना तबल्याची जाण गवयाला लागते त्याहून पुष्कळ अधिक होती. १९६७ साली ‘कट्यार काळजात घुसली’ रंगभूमीवर आले आणि पुरुषोत्तम दारव्हेकरांच्या लेखणीतला खाँसाहेब आफताब हुसेन वसंतरावांच्या रूपाने उभा राहिला, तेव्हा वाहवा झाली ती गळ्याची, आणि ती योग्यच होती. परंतु त्या भूमिकेचे गद्य पुन्हा आठवून पाहावे. खाँसाहेबाचा संताप मात्रा मोजून येतो. वाक्य आडलयीत निघते, ऐन जागी थबकते, आणि अखेरचा शब्द समेवर आदळतो. हे तालमीत दिग्दर्शकाने शिकवून येत नाही. ज्याने ठेका बोटांत बाळगला आहे त्याच्या जिभेवर तो आपोआप उतरतो.

कात्रजचा घाट उतरून सातारा रस्त्याने पुढे गेले की भोरचा मुलूख लागतो. तिकडच्या इंगवलीचे मूळ असलेले आणि मुंबईच्या गिरणगावात वाढलेले दादा कोंडके हे सेवादलाच्या कलापथकात आणि पुढे ‘विच्छा माझी पुरी करा’मध्ये येण्यापूर्वी बँडपथकात वाजवीत होते. त्यांच्या विनोदाला द्वयर्थी म्हणून नाके मुरडणारांनी त्यातली वेळेची अचूकता कधी लक्षात घेतली नाही. हशा पिकून ओसरू लागण्याच्या नेमक्या क्षणी पुढचे वाक्य सोडणे, हे वाजविणाऱ्याचे कसब आहे. तमाशाच्या फडात तर असा भेद पूर्वी कोणी मानलाच नव्हता. ढोलकी आणि तुणतुणे घेऊन उभे असलेले झीलकरी गाण्यातही असत आणि बतावणीतही.

पुण्यातच १६ डिसेंबर १९७२ रोजी भरत नाट्य मंदिरात ‘घाशीराम कोतवाल’चा पहिला प्रयोग झाला, तेव्हा मराठी रंगभूमीने हा जुना धडा पुन्हा गिरविला. जब्बार पटेल यांनी बसविलेल्या त्या नाटकात ब्राह्मणांची रांग पडद्याचे काम करते, नाचते, गाते, आणि कथा पुढे नेते. त्याचे संगीत रचणारे भास्कर चंदावरकर हे मूळचे सतारिये. वादकाच्या बुद्धीने बांधलेल्या त्या रचनेत एका नटाची लय सुटली तर अख्खी भिंत ढासळते, म्हणून त्यातल्या प्रत्येकाला आधी लय शिकावी लागली.

आता वर्तमानाकडे. फिरोदिया करंडकात महाविद्यालयीन मुले एका प्रयोगात नाट्य, वादन, नृत्य, चित्रकला अशा नाना कला गुंफतात, आणि तिथली ढोलकी वाजविता वाजविता संवाद म्हणणारी मुले पाहिली की टेंब्यांचा वंश खुंटला नाही असा दिलासा मिळतो. तथापि याच मुलांपैकी कोणी व्यावसायिक नाटकात रुजू झाला की प्रकार पालटतो. त्याच्या हाती गिटार द्यावयाची ती नाटक ‘तरुण’ दिसावे म्हणून. दोन सुरावटी, चार टाळ्या, आणि मग ते वाद्य अंक संपेपर्यंत भिंतीला टेकून उभे. हा शोभेचा मामला मला रुचत नाही. दुसरीकडे, ज्याचे वादन नाटकाला खरोखर लागते, त्याने नटाचेही काम करावे आणि वादकाचेही, आणि बिदागी मात्र एकाच नाईटची घ्यावी, ही अपेक्षा सर्रास बाळगली जाते. जाहिरातीत त्याचे नाव नटांच्या यादीत एकदा छापले म्हणजे दोन्ही कामांची पोच झाली, असे निर्माते समजतात. नट खोटे रडू शकतो, खोटी पेटी मात्र त्याला वाजविता येत नाही. तिच्यासाठी रोजचा रियाज लागतो, आणि रियाजाच्या तासांचा मेहनताना कोणत्याच हिशेबात येत नाही.

माझी मागणी अवाजवी नाही. ज्या प्रयोगात नटाचे वादन प्रत्यक्ष होते, तेथे त्याचा वादक म्हणून स्वतंत्र दर मुक्रर करावा आणि श्रेयनामावलीत दोन्ही जागी त्याचे नाव द्यावे. परीक्षकांनी अभिनयाचे गुण देताना त्याचे वादन संगीताच्या खात्यावर टाकून मोकळे होऊ नये. आणि नाट्यशिक्षणाच्या वर्गात पहिल्या वर्षाच्या प्रत्येक विद्यार्थ्याला, तो पुढे वाजविणार असो वा नसो, कोणाच्या तरी गाण्याला साथ करावयास बसवावे. हौशी संस्थांपुरती आणखी एक किरकोळ सूचना. शिवाजीनगरचा किंवा कोथरूडचा प्रयोग आटोपल्यावर मध्यरात्री पेटीची पेटारी घेऊन कात्रजपर्यंत यावयाचे म्हणजे रिक्षावाचून गत्यंतर नसते, आणि ते भाडे आजवर बहुधा वाजविणाऱ्याच्या खिशातून गेले आहे. ते नेपथ्याच्या वाहतुकीबरोबर संस्थेच्या खर्चात धरावे.