शोधांमागची माणसं : खाणीत उतरलेला मेकॅनिक

बालमित्रांनो, सुगीच्या दिवसांत गव्हाच्या शेतात हार्वेस्टर चालताना पाहिलाय ना? पुढून उभा गहू आत जातो आणि टाकीत दाणे पडतात. कापणी, मळणी, उफणणी, सगळं एका दमात! रशियन भाषेत या यंत्राला 'कोम्बाइन' म्हणतात. असंच कोम्बाइन जमिनीच्या पोटात, कोळसा काढायला नेता येईल का? हा ध्यास घेतलेल्या माणसाचं नाव होतं आलेक्सेई बाख्मुत्स्की.

शास्त्रज्ञ म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे पांढरा कोट आणि काचेच्या नळ्या येतात. बाख्मुत्स्की तसे नव्हते बरं का! त्यांचा जन्म १८९३ सालचा. ते होते खाणीतले मेकॅनिक. बिघडलेली यंत्रं दुरुस्त करता करता त्यांना खाणीतलं दुःख जवळून दिसलं.

त्यांचा मुलूख म्हणजे दोनबास, दोनेत्स नदीचं खोरं. तेव्हा हा भाग सोव्हिएत संघात होता. आजच्या नकाशात तुम्ही युक्रेनच्या पूर्वेला शोधा. इथे कोळसा भरपूर, पण त्याचे थर फार पातळ. कितीतरी थर एक मीटरपेक्षाही कमी जाडीचे. म्हणजे तुमच्या शाळेतल्या बाकाखाली शिरून, कुशीवर पडून, अंधारात दिवसभर खणायचं! खणलेला कोळसा घसरगाडीत भरायचा आणि तिची साखळी अंगाला बांधून, गुडघ्यांवर रांगत ओढत न्यायचा. जुन्या काळी अशी माणसं तिथल्या खाणींत होती. लहान मुलंसुद्धा खाणींवर कामाला असत.

पुढे यंत्रं आली. एका यंत्राला करवतीसारखी लांब साखळी असे. ते कोळशाच्या थराखाली खाच पाडी. मग सुरुंग लावून थर फोडायचा. आणि फुटलेला कोळसा? तो मात्र माणसांनीच फावड्यांनी भरायचा! कापणं, फोडणं आणि भरणं अशी तीन कामं. त्यांतलं सर्वांत कंबरमोड काम हातांनाच करावं लागे.

बाख्मुत्स्कींच्या मनात आलं, ही तिन्ही कामं एकाच यंत्राने केली तर? १९३२ साली त्यांचं पहिलं कोम्बाइन खाणीत उतरलं. जगातल्या अगदी पहिल्या कोळसा-कोम्बाइनांपैकी हे एक. पण पहिलं यंत्र कधी शहाण्यासारखं वागतं का? जागा अरुंद, धूळ दाट, वर दगडाचं छत. बाख्मुत्स्की न कंटाळता एकामागून एक नवे नमुने करत राहिले.

याच काळात शेजारच्या एका खाणीत एक गोष्ट घडली. ऑगस्ट १९३५ मध्ये आलेक्सेई स्ताखानोव्ह नावाच्या कामगाराने एका पाळीत १०२ टन कोळसा काढला. नेमून दिलेल्या कामाच्या चौदा पट! देशभर त्याचा जयजयकार झाला. पुढे, १९७८ साली, एका शहरालाही त्याचं नाव दिलं. पण त्या रात्री त्याच्या मागोमाग लाकडी टेकू लावणारे सोबती होते, त्यांची नावं मागे पडली. आणि दाबलेल्या हवेवर चालणारा जड हातोडा धरून रोज चौदा पट काम कोण करणार? माणसाचं अंग थकतंच. बाख्मुत्स्कींची वाट वेगळी होती. माणसाला जास्त राबवण्यापेक्षा त्याचं ओझं यंत्रावर टाकावं, ही ती वाट.

ही वाट त्यांना महागात पडली. १९३९ साली नव्या कोम्बाइनची चाचणी चालू असताना अपघात झाला आणि त्यात ते गेले. पन्नाशीही उलटली नव्हती. यंत्र बनवून ते घरी बसले असते तर वाचले असते. पण कामगार जिथे उतरणार तिथे ते स्वतः उतरले.

मग दुसरं महायुद्ध आलं. दोनबासच्या खाणी उद्ध्वस्त झाल्या, पाण्याने भरल्या. युद्ध संपल्यावर खाणी पुन्हा उभ्या राहिल्या आणि १९४९ च्या सुमारास 'दोनबास' नावाची कोम्बाइनं कारखान्यात मोठ्या संख्येने बनू लागली. ती दुसऱ्या इंजिनीअरांनी बनवली होती. पण कापायचं, फोडायचं आणि भरायचं एकदमच, ही कल्पना तीच. आता अनेक देशांच्या खाणींत अशी यंत्रं दुरून, बटणांवर चालवतात. खाणीत मिथेन वायू साठतो. हवेत तो साधारण ५ ते १५ टक्के झाला की एका ठिणगीने स्फोट होऊ शकतो. म्हणून वायू मोजणारी उपकरणं बसवतात. धोका वाढू लागला की ती आपोआप वीज तोडतात.

मग धोका संपला का? नाही हं! यंत्राने कोळसा भराभर निघतो, तसा वायूही भराभर सुटतो आणि धूळही जास्त उडते. २००७ साली याच दोनबासमध्ये, झास्याद्को खाणीत स्फोट होऊन १०१ कामगार दगावले. तेव्हा यंत्र आलं तरी माणसाने सावध राहायलाच हवं.

आता तुमच्यासाठी एक काम. घरात किंवा शेतात कुणाला तरी रोज वाकून, बसून, ओझं उचलून करावं लागणारं एक काम शोधा. त्यातल्या पायऱ्या वहीत लिहा. कोणत्या दोन पायऱ्या एकत्र करता येतील? चित्र काढा. पण त्याआधी ते काम स्वतः दहा मिनिटं करून पाहा, आईबाबांनाही सोबत घ्या. कुठे दुखतं ते कळल्याशिवाय यंत्र सुचत नाही!

बरंय तर, पुढच्या आठवड्यात भेटू.